मार्चमध्ये टाक्यात पाणी असतं का? ब्लॉग अजून का लिहायचा आणि नीट कसा लिहायचा

गेल्या मार्चमध्ये आम्ही चौघी अकोले तालुक्यातल्या शिरपुंज्याच्या भैरवगडावर मुक्कामाला जाणार होतो आणि प्रश्न एकच होता, वर प्यायचं पाणी मिळेल का. कारण नसेल तर माणशी चार-पाच लिटर खालून वाहून न्यायचं, म्हणजे पाठीवरचं सगळं गणित बदलतं. रील्स बघितल्या, तासभर तरी बघितल्या असतील, ढग, ड्रोन, झेंडा, मागे गाणं, सगळं सुंदर, पण टाकं, म्हणजे गडावर कातळात कोरलेला पाण्याचा हौद, कोणी दाखवलं नाही. व्हॉट्सॲपवर विचारलं तर तिघांनी "असेल बहुतेक" म्हटलं. शेवटी २०११ सालची एक ब्लॉगपोस्ट सापडली, पांढऱ्या पानावर काळी अक्षरं, पाच धुरकट फोटो, आणि त्यात लिहिलेलं की आम्ही मार्चच्या दुसऱ्या आठवड्यात गेलो होतो, ओळीनं टाकी लागतात त्यातल्या अमुक टाक्याचं पाणी प्यायलो, अमुक टाक्यात शेवाळ होतं, पाणी खाली गेलेलं असतं म्हणून दोरी आणि छोटी बादली न्या. बस. लिहिणारा कोण, कुठला, मला माहीत नाही, पण इतक्या वर्षांनी त्याच्या चार ओळींवर आमची बॅग भरली गेली.

मी स्वतः गेली बरीच वर्षं अकोले, जुन्नर, इगतपुरी या पट्ट्यातल्या भटकंतीबद्दल मराठीत ब्लॉग लिहिते आणि मला दर महिन्याला कोणी ना कोणी विचारतं की आता ब्लॉग कोण वाचतं गं, इन्स्टावर टाक की. त्यांना मी हाच किस्सा सांगते. रोज सकाळी ब्लॉग उघडून बसणारे लोक कमी झालेत हे खरंय, सगळे ब्लॉग एका जागी वाचायची सोय असलेलं गूगल रीडर १ जुलै २०१३ ला बंद झालं तेव्हाच ती सवय मोडायला लागली. पण ज्याला नेमका प्रश्न पडलाय तो माणूस अजून सर्च करतो, आणि त्याला उत्तर हवं असतं ते लिहिलेलं, शोधता येणारं, तारीख असलेलं. रीलमधलं बोलणं असं सापडत नाही. फेसबुकच्या बंद ग्रुपातली पोस्ट बाहेरच्याला दिसतच नाही, आणि आतल्यालाही सहा महिन्यांनी खोदून काढावी लागते.

दुसरी गोष्ट टिकण्याची. एके काळी मराठी ट्रेकर मंडळी याहू ग्रुप्सवर आणि ऑर्कुटच्या कम्युनिटीत काय भरभरून लिहायची. ऑर्कुट ३० सप्टेंबर २०१४ ला बंद झालं, याहू ग्रुप्स डिसेंबर २०२० मध्ये. त्यातलं किती लिखाण कोणी आपल्याकडे उतरवून घेतलं असेल? आणि त्याच काळातल्या कितीतरी ब्लॉगपोस्टी आजही जागच्या जागी आहेत, टाक्याची वरची पोस्ट त्यातलीच.

अजून एक सांगते, थोडं विषयाबाहेर वाटेल पण नाहीये. पेणजवळच्या वरसईचे गोडसे भटजी १८५७ साली घरचं कर्ज फेडायला दक्षिणा मिळेल या आशेनं उत्तर हिंदुस्थानात गेले आणि बंडाच्या मधोमध सापडले, झाशीच्या वेढ्यात शहरात होते. परत आल्यावर बऱ्याच वर्षांनी त्यांनी जे दिसलं ते लिहून काढलं, ते १९०७ मध्ये छापून आलं, आणि आज त्या काळाबद्दल बोलताना त्याच्याशिवाय पुढे जाता येत नाही. ते काही इतिहासकार नव्हते, लेखक म्हणून नाव कमावलेले नव्हते, याज्ञिकी करणारा गरीब गृहस्थ होता, पण कुठे थांबलो, काय खाल्लं, काय बघितलं, कशाची भीती वाटली हे त्यांनी सोडलं नाही. आपल्या डोळ्यांसमोर बंड नाहीये हे मान्य, पण गावची जत्रा, बंद होत चाललेली एसटी, आजीच्या काळ्या मसाल्यातलं दगडफुलाचं प्रमाण, धरणाखाली जाणारी पायवाट, हे तर आहे ना. ते तुम्ही नाही लिहिलं तर दुसरं कोण लिहिणार आहे.

आता लिहायचं काय आणि कसं

पहिला सल्ला, विषय लहान करा. इतका लहान की तुमच्या मित्राला वाटलं पाहिजे यावर काय लिहिणार. "हरिश्चंद्रगड" हा विषय नाही, त्यावर हजार लोकांनी लिहिलंय. "खिरेश्वरहून तोलार खिंडीमार्गे साठीच्या आईबाबांना हरिश्चंद्रगडावर नेताना" हा विषय आहे. खुबी फाट्यावर उतरलो किती वाजता, खिरेश्वरपर्यंत चालत गेलो की जीप मिळाली, खिंडीच्या वरच्या कातळात आईला रेलिंग धरून किती वेळ लागला, कुठे बसायला सावली होती, परत येताना पाचनईची वाट घेतली असती तर सोपं गेलं असतं का. ही पोस्ट ज्याला हवी आहे त्याला ती दुसरीकडे मिळणारच नाही.

मग सुरुवात. नव्वद टक्के मराठी ट्रेक-ब्लॉग "महाराष्ट्र ही गडकोटांची भूमी" इथून सुरू होतात, मग चार परिच्छेद इतिहास, तोही कुठून तरी उचललेला, एकाची चूक दुसऱ्यानं उतरवलेली, आणि वाट कुठून जाते हे नवव्या परिच्छेदात. माझ्याही पहिल्या पोस्टी अशाच होत्या. आता मी लिहून झालं की वरचे दोन परिच्छेद काढून बघते, बहुतेक वेळा पोस्ट तिसऱ्या परिच्छेदापासून खरी सुरू होत असते. इतिहास टाकू नका असं नाही, पण जो तुम्ही नीट वाचलाय तो टाका आणि कुठे वाचलाय ते सांगा.

लिहायचं कच्चं सामान जागेवरच जमवा, हे सगळ्यात महत्त्वाचं. घरी आल्यावर दोन दिवसांत डोकं सगळं गोल करून टाकतं, "साधारण दोन-अडीच तास लागले" असं होतं. मी फोनमधल्या नोट्समध्ये फक्त वेळ आणि दोन शब्द टाकते, "७.४० विहीर, शेवटचं घर", "८.२५ डावी वाट चुकीची, वारूळ". फलकांचे फोटो काढते, एसटी स्टँडवरच्या वेळापत्रकाचा तर हमखास. आणि परतीच्या गाडीत राजूर ते संगमनेर एवढ्या वेळात व्हॉइस टायपिंग करून सगळं ओतून टाकते, अशुद्ध, तुटक, कसंही. दुसऱ्या दिवशी त्यातून पोस्ट होते. कोरं पान समोर घेऊन बसलात तर होणार नाही.

चुका आणि फजिती लिहा. वाट चुकलो तर कुठे चुकलो, का चुकलो. हे लिहायला लाज वाटते पण वाचणाऱ्याला त्याचाच उपयोग सगळ्यात जास्त, माझ्या ज्या पोस्टींवर अजून लोक येतात त्यातल्या निम्म्या "आम्ही रस्ता चुकलो" छापाच्या आहेत. तुम्हाला न जमलेली रेसिपी, बंद पडलेलं शिवणयंत्र, दोनदा फेटाळलेला अर्ज, सगळ्याला हेच लागू.

शीर्षकात नेमकं नाव घाला. आपल्याकडे भैरवगड किती आहेत बघा, मोरोशीचा आहे, शिरपुंज्याचा आहे, कोथळ्याचा आहे, खाली कोयनेकडे आहे तो वेगळाच. नुसतं "भैरवगडाची अविस्मरणीय सफर" लिहिलंत तर मोरोशीच्या कातळावर चढायला निघालेला माणूस शिरपुंज्याची वाट वाचत बसेल, आणि हा नुसता वेळेचा प्रश्न नाही, मोरोशीचा भैरवगड कठीण आहे, जीवाशी खेळ होऊ शकतो. गाव, तालुका, महिना हे शीर्षकात किंवा पहिल्या दोन ओळींत आलंच पाहिजे. आणि "अविस्मरणीय" हा शब्द गाळा, काय लक्षात राहिलं ते सांगा.

भाषा तुमची असू द्या. घरी जशी बोलता तशी. नगरी, वऱ्हाडी, मालवणी, अहिराणीचा वास येऊ द्या. "सदर मार्ग अतिशय दुर्गम आहे" असं कोणी तोंडानं म्हणतं का, "वाट बेकार आहे, हात लावल्याशिवाय चढता येत नाही" हे कळतं. पण बोलीत लिहायचं म्हणजे अक्षरांकडे दुर्लक्ष करायचं असं नाही. दऱ्या आणि दर्या यात फरक आहे, एक डोंगरातलं आणि दुसरा समुद्र, आणि ट्रेकच्या पोस्टीत "समोर खोल दर्या" वाचलं की मला फार वाईट वाटतं. तो ऱ वेगळं अक्षर आहे, तुमच्या कीबोर्डवर कुठे लपलाय ते एकदा शोधून ठेवा. तसंच ॲ. हे अक्षर युनिकोडमध्ये, म्हणजे सगळ्या कॉम्प्युटर-फोनवर अक्षरं साठवायची जी एकच ठरलेली पद्धत आहे तिच्यात, २००८ साली आलं, त्याआधी लोक अ वर चंद्र जोडून काम भागवायचे, म्हणून एकच शब्द दोन प्रकारे साठवलेला असतो आणि शोधताना कधी सापडतो कधी नाही.

टायपिंगचं म्हणाल तर आता काही निमित्त उरलेलं नाही. फोनवर जीबोर्ड आहे, बोलून लिहिता येतं, इंग्रजी अक्षरांत टाइप करून मराठी उमटवता येतं, कॉम्प्युटरवर गूगल इनपुट टूल्स आहे, आणि ज्याला खूप लिहायचंय त्यानं इनस्क्रिप्ट हा देवनागरीचा कीबोर्ड शिकावा, महिनाभर हात अडखळतो आणि मग भराभर चालतो. फक्त एक कटाक्षानं पाळा, मजकूर युनिकोडमध्येच हवा. पूर्वी शिवाजी, किरण असल्या फाँटात लोक पानं बनवायचे, ती अक्षरं दिसायला मराठी पण आतून इंग्रजीच्याच चाव्या, फाँट नसला की सगळा कचरा दिसायचा आणि सर्चला तर काहीच कळायचं नाही. डीटीपीवाल्याकडून आलेला मजकूर असेल तर आधी युनिकोडमध्ये बदलून घ्या. आणि आजची त्याचीच नवी आवृत्ती म्हणजे रंगीत चौकटीत मजकूर लिहून त्याचा फोटो टाकणं. व्हॉट्सॲपला छान दिसतं, पण ज्या अंध वाचकाचा फोन मजकूर वाचून दाखवतो त्याला ते वाचता येत नाही, कॉपी होत नाही, नीट सापडत नाही. मजकूर मजकूर म्हणूनच ठेवा.

जागा कुठली

फार विचार करू नका. ब्लॉगर १९९९ पासून आहे, २००३ मध्ये गूगलनं घेतलं, फुकट आहे, साधं आहे. वर्डप्रेस २००३ चं, जास्त करता येतं पण जास्त डोकंही घालावं लागतं. मला विचाराल तर पहिल्या दहा पोस्टी होईपर्यंत ब्लॉगरवर लिहा, थीम आणि रंग बदलण्यात एक रविवारही घालवू नका. त्यानंतरही लिहावंसं वाटलं तर स्वतःच्या नावानं डोमेन, म्हणजे वेबसाइटचा स्वतःचा पत्ता, घ्या, ते ब्लॉगरलाही जोडता येतं, आणि उद्या जागा बदलली तरी पत्ता तोच राहतो. डोमेन तुमच्या ईमेलवर, तुमच्या नावावर नोंदवा, वेबसाइट करून देणाऱ्या ओळखीच्या मुलाच्या नावावर नको, पुढे फार त्रास होतो.

हे मी एवढं का सांगते, तर मी पहिली दोन वर्षं एका मोफत साइटवर लिहिलं होतं, ती बंद झाली तेव्हा मेल आला असेल पण मी तो अकाउंट बघत नव्हते, आणि माझे १४ लेख गेले. त्यातला एक रतनवाडीतल्या एका आजोबांशी झालेल्या गप्पांचा होता, आजोबा आता नाहीत. त्या गप्पा मला परत लिहिता येणार नाहीत. तेव्हापासून दर तीन महिन्यांनी बॅकअप घेते, ब्लॉगरच्या सेटिंग्जमध्ये सोय आहे, वर्डप्रेसमध्ये टूल्सखाली एक्सपोर्ट आहे, पाच मिनिटांचं काम. मात्र त्या फाइलीत मजकूर येतो, फोटो येतातच असं नाही, फोटो वेगळ्या फोल्डरमध्ये पोस्टच्या नावानं ठेवा. शिवाय पोस्ट टाकली की इंटरनेट अर्काइव्हच्या वेबॅक मशीनवर जाऊन तिचा पत्ता देऊन पान साठवायला सांगते, म्हणजे माझ्या पश्चातही एक प्रत कुठेतरी राहील.

एक बारीक तांत्रिक गोष्ट जी कोणी सांगत नाही. मराठी शीर्षक दिलं की ब्लॉगर पोस्टचा पत्ता बनवताना गोंधळतं आणि "ब्लॉग-पोस्ट" आणि पुढे एक आकडा असलं काहीतरी करून ठेवतं. म्हणून पब्लिश करण्याआधी उजवीकडे पर्मालिंकमध्ये जाऊन स्वतः इंग्रजी लिपीत छोटा पत्ता लिहा, गडाचं नाव, गाव, बस. वर्डप्रेस उलट करतं, मराठी अक्षरं पत्त्यात ठेवतं, पण तो पत्ता कुठे चिकटवला की बऱ्याचदा टक्क्यांच्या खुणांची माळ होते. कारण देवनागरीतल्या प्रत्येक खुणेला तीन बाइट लागतात आणि प्रत्येक बाइटची तीन अक्षरं होतात, म्हणजे "भैरवगड" या एवढ्याशा शब्दाची ५४ अक्षरं. अशी लिंक बघून निम्मे लोक व्हायरस समजून दाबतच नाहीत. पब्लिश झाल्यावर मात्र पत्ता बदलू नका, जुन्या लिंका तुटतात.

फोटो लहान करून टाका. फोनमधून येणारा फोटो चार-पाच एमबीचा असतो, रुंदी १२०० ते १६०० पिक्सेल करून दोन-तीनशे केबीत बसवला तरी छान दिसतो. तुमची पोस्ट घरच्या वायफायवर वाचली जाईल असं धरू नका, पाचनईच्या पायथ्याला एक काडी रेंज पकडून कोणीतरी वाट शोधत असेल, त्याच्यासाठी लिहिताय. प्रत्येक फोटोखाली एक ओळ हवीच, कुठून काढला, कुठल्या दिशेला बघतोय.

काय लिहू नये तेही सांगते. गावात ज्यांच्याकडे जेवलात त्यांचा फोन नंबर त्यांना विचारल्याशिवाय टाकू नका, विचारलं तर बहुतेक आनंदानं देतात, पण मग रात्री अकराला फोन येणार हेही त्यांना सांगा. गिधाडांची घरटी, दुर्मिळ ऑर्किड, गुहेतली वटवाघळांची वस्ती, यांची नेमकी जागा कधीच लिहू नका. पोस्ट वाचून चांगले लोक जातात तसे दुसरेही जातात.

वाचक कसे येतात याबद्दल फार नाही सांगण्यासारखं. संबंधित ग्रुपवर लिंक टाका, सोबत दोन ओळी की यात नेमकं काय मिळेल, अख्खी पोस्ट तिथेच चिकटवू नका. दुसऱ्या ब्लॉगरच्या पोस्टचा उपयोग झाला तर तिची लिंक द्या, नाव घ्या. कमेंटला उत्तर द्या, पाच वर्षांनी आलेल्या कमेंटलाही. जाहिरातींचे पैसे म्हणाल तर मराठी ब्लॉगवर ॲडसेन्स, म्हणजे गूगलच्या जाहिराती, लावता येतं, पण त्यासाठी सुरू करणार असाल तर चार महिन्यांत कंटाळाल, हे मी कितीतरी जणांचं बघितलंय.

चोरीचं मात्र बोलायला हवं, कारण आपल्याकडे "साभार" एवढं लिहिलं की नाव गाळून फॉरवर्ड करायला मोकळे असा समज आहे. तसं नाहीये. कॉपीराइट कायदा १९५७ प्रमाणे तुम्ही लिहिलंत त्या क्षणी ते तुमचं, नोंदणीची गरज नाही, आणि हक्क तुमच्या हयातीत आणि नंतर ६० वर्षं राहतो. कोणी अख्खा लेख आपल्या नावानं टाकला तर आधी सरळ मेसेज करा, बहुतेक जण काढतात किंवा नाव घालतात. नाही ऐकलं तर त्या साइटकडे आणि गूगलकडे तक्रारीचा फॉर्म असतो, तो भरा, मी दोनदा भरलाय, दोन्ही वेळा पान उतरलं. आणि मजकुरातच मधे कुठेतरी स्वतःचं गाव, सोबतच्या माणसांचा उल्लेख येऊ द्या, म्हणजे उचलणाऱ्याला नुसतं खालचं नाव खोडून भागत नाही.

आता तर लोक थेट एआयला विचारतात, मग ब्लॉग कशाला असंही ऐकते. एआयनं मला हरिश्चंद्रगडाची व्यवस्थित माहिती दिली, केदारेश्वराच्या गुहेतलं पाण्यातलं शिवलिंग, चारपैकी उभा राहिलेला एक खांब, सगळं बरोबर. पण परवाच्या रविवारी वाटेवर दरड आलीय की नाही हे तिथे जाऊन आलेल्या कोणी लिहिलं तरच त्यालाही कळणार. जाऊन आलेला माणूस तुम्ही आहात.

किती वेळा लिहायचं? महिन्याला एक पुरे, पण ती पूर्ण करा. माझ्या ड्राफ्टमध्ये अर्धवट पोस्टी साचायला लागल्या की मी नवीन भटकंती थांबवते. आणि जुन्या पोस्टींची देखभाल हा लिखाणाचाच भाग धरा. दिवाळीच्या सुट्टीत मी दोन दिवस फक्त तेच करते, तुटलेल्या लिंका, बदललेले रस्ते, बंद झालेली हॉटेलं. जुनं वाक्य खोडत नाही, त्याच्या वर तारीख टाकून नवीन ओळ लिहिते, कारण आधी काय होतं हेही कोणाला तरी हवं असतं. शिरपुंज्याहून आल्यावर त्या २०११ च्या पोस्टखाली मी कमेंट टाकली, तारीख, कुठल्या टाक्यात किती हात खाली पाणी होतं, आणि दोरी वीस फूट पुरली नाही, तीस फूट न्या.